तापायला ठेवलेला खड्डा

मुलांनो, समजा तुमच्यासमोर एक खड्डा आहे. तुमच्या कमरेहून थोडा जास्त खोल, आणि रुंदीला इतका की आत उतरून हात पसरले तर बोटं दोन्हीकडच्या भिंतींना टेकतील. चैत्र सरत आलाय. खड्ड्याच्या तळाला पांढरट मुरूम आहे, इतका टणक की पहार मारली तर ठिणगी उडावी. काठावर दोन ढीग आहेत. एका बाजूला वरची काळपट माती, दुसऱ्या बाजूला खालचा मुरूम. आजूबाजूला सावली नाही, कारण झाडच नाही. लांबवर नुसता माळ, आणि त्यावर पत्र्याच्या घरांच्या दोन ओळी.

आता त्या खड्ड्याच्या काठावर दहा वर्षांची एक मुलगी उभी करा. तिच्या हातात पहार नाही, मातीची पाटी नाही. ती कामाला आलेली नाही. खड्डा अजून उघडा आहे ना, एवढंच बघायला ती सकाळी उठल्या उठल्या आली आहे.

तिचं नाव सगुणा. मी तिची बाई होते.

त्या वस्तीचं नाव नवं उंबरवणे. जुनं उंबरवणे लांब पश्चिमेला, सह्याद्रीच्या कुशीत होतं. तिथं धरण झालं आणि गाव पाण्याखाली गेलं. माणसांना ट्रकमधून आणून आमच्या माणदेशातल्या माळावर बसवलं. त्याला एक वर्ष होत आलं होतं. मी इथलीच. वडिलांची सीताफळांची आणि डाळिंबाची बाग होती, त्यामुळे या मातीत झाड कसं धरतं ते मी लहानपणापासून बघत आले होते. पावसाळ्याच्या तोंडाला प्रत्येक घराला सरकारकडून पाच कलमं मिळणार होती: दोन आंबे, दोन चिकू आणि एक पेरू. खड्डे कसे करायचे ते सांगायला वस्तीवर कुणी आलंच नाही, तेव्हा ते काम माझ्याकडं आलं.

मी सगळ्यांना एवढंच सांगितलं, "खड्डे आत्ता खणा आणि पाऊस येईपर्यंत उघडे ठेवा. ऊन तळापर्यंत जाऊ द्या. हुमणीची अळी, वाळवीची अंडी सगळं मरून जाईल. मुरमाला भेगा पडतील आणि त्या भेगांतून मुळं वाट काढतील. इथं ऊन हेच पहिलं खत."

वस्तीनं मनापासून ऐकलं. दिवसभर पहारींचे आवाज येत होते. दुसऱ्या दिवशी सकाळी मी शाळेला निघाले आणि पहिल्याच घरापाशी थांबले. ते सगुणाचं घर. काल संध्याकाळी तिथं पाच खड्डे मी माझ्या डोळ्यांनी बघितले होते. आता तिथं मातीचे पाच गोल उंचवटे होते.

"हे काय बयाजी?" मी सगुणाच्या वडिलांना विचारलं. "काल तर पाचही झाले होते."

बयाजी पहारीवर हात ठेवून उभा होता. "व्हय बाई. झालं व्हतं."

"मग?"

"मग सांज झाली."

शेजारच्या ओट्यावर धाकलू आबा बसले होते. वस्तीतले सगळ्यांत म्हातारे. नाव धाकलू असलं तरी त्यांना सगळे नुसतं आबाच म्हणत. ते खो खो हसले. "मास्तरीणबाई, उघडा खड्डा सांजंला तसाच ठिवत्यात का कुठं? उघडा खड्डा माणूस मागतो. आमच्यात लेकरालाबी ठावं हाय ह्ये. तुमच्याकडं पाऊसच मागून घ्यावा लागतो, तितं खड्डं कुणाकडं काय मागत्याल म्हना!"

मी वस्तीभर नजर टाकली. सगळीकडं तेच. एकूण एक घरानं दिवेलागणीच्या आधी खड्डे परत बुजवले होते. वर माती अशी चढवली होती की पाऊस पडला तर पाणी झाडाकडं न जाता बाजूला वाहून जावं. डोंगरात, जिथं पाऊस झोडपतो, तिथं ते बरोबर होतं. इथं नाही. पण ते पुढचं.

"आबा, तिकडं विहीर खणत होतात की नाही?" मी विचारलं. "ती काही एका दिवसात होत नाही."

"ईर खणताना रोज सांजंला वर करवंदीची जाळी टाकायची आन् म्हणायचं, जा बाबा, हितं जागा न्हाई."

"मग इथं बाभळीची फांदी टाका."

आबांनी डोकं खाजवलं. "बाभळ चालती का ते तिकडच्या देवाला इचाराया पायजे. आता त्यो बी पाण्यात हाय." मग स्वतःच म्हणाले, "चालंल. काटा त्यो काटा."

आबा बोलले म्हणजे वस्ती ऐकायची. त्या दिवसापासून संध्याकाळी खड्ड्यांवर बाभळीच्या फांद्या पडू लागल्या आणि खड्डे उघडे राहू लागले. फक्त एक घर सोडून.

बयाजी सकाळी उठून पाच खड्डे परत उकरायचा आणि कॅनॉलच्या कामावर जायचा. त्याची बायको हौसा दिवसभर काही बोलायची नाही. दिवस कलला की ती घरातून बाहेर यायची, गुडघ्यांवर बसायची आणि हातांनी माती आत लोटायला लागायची. फावडं घेत नव्हती. हातांनीच.

एकदा मी मुद्दाम त्या वेळेला गेले. उंबऱ्यावर सगुणा गुडघे पोटाशी घेऊन बसली होती आणि आईकडं बघत होती.

"हौसाताई," मी म्हटलं, "सगळ्यांनी फांद्या टाकल्यात. तुम्हीही टाका की."

"तुमचं बराबर हाय बाई." तिचे हात थांबले नाहीत.

"अशानं झाडं जगायची नाहीत. हुमणी मुळं खाऊन टाकेल."

"तुमचं बराबर हाय."

उंबऱ्यावरून सगुणा म्हणाली, "आये, एक तर ऱ्हाऊ दे. एकच."

हौसानं मागं बघितलं नाही. "दिवा लाव जा," ती म्हणाली.

मी परत निघाले तेव्हा बयाजी माझ्यासोबत रस्त्यापर्यंत आला. "तिला काय बोलू नका बाई," तो म्हणाला. "आमचं ल्हान पोरगं गेलं, तिकनं निघताना. म्हादबा. सा म्हैन्याचा व्हता. तवापासनं तिला झोप न्हाई. ह्ये माती लोटायचं काम झालं की रातचं जरा डोळा लागतो. म्या रोज उकरतो, ती रोज बुजवती. चालतंय."

"आणि कलमं आल्यावर?"

"मरत्याल," बयाजी म्हणाला. "काय करायचं?"

दुसऱ्या दिवशी शाळा सुटली तरी सगुणा वर्गातून हलली नाही. दाराच्या चौकटीला पाठ घासत उभी राहिली.

"बाई, शाळंचं आवार सरकारी हाय ना?"

"हो."

"मंजी आयेला हितं यिऊन बुजवता यायचं न्हाई."

मला हसू आलं. "नाही यायचं."

"मग हितं एक खड्डा खणू?"

"आंब्यासाठी?"

तिनं थोडा विचार केला, जणू हा प्रश्न तिला अपेक्षितच नव्हता. "व्हय," ती म्हणाली. "आंब्यासाठी."

शाळेच्या मागं आम्ही जागा धरली. मी दोरी लावून चौकोन आखून दिला. बाकीची पोरं आळीपाळीनं हात लावत होती, पण पहार सगुणाच्याच हातात. तिला ती नीट उचलतही नव्हती. ती खांद्याला टेकवून, अंगाचं वजन टाकून मारत होती. वरची वीतभर माती निघाली तेव्हा मी तिला ती डाव्या हाताला टाकायला सांगितली, खालचा मुरूम उजव्या हाताला.

"दोन्ही एकत्र का न्हाई टाकायचं?"

"कारण भरताना खालचं खाली जायचं नाही. वरच्या मातीत जीव असतो. ती शेणखतात मिसळून मुळांना द्यायची. मुरूम बाहेरच ठेवायचा, झाडाभोवती आळं करायला. आणि खड्डा काठोकाठ भरायचा नाही. थोडा खोलगट ठेवायचा, बशीसारखा. इथलं पाणी हाका मारून येत नाही, आलं की धरून ठेवावं लागतं."

काठी टेकत आबा आले आणि दगडावर बसून कारभार बघू लागले. "पहार उभी मार गं सगुणे. मुरूम हाय त्यो, पावणा न्हाई. असं हळूच इचारत बसलीस तर उंद्या सांगंल."

"आबा, तुमी मारा मग!" एक पोरगा ओरडला.

"म्या मारली तर खड्डा पाताळात जाईल. मग तुजा आंबा काढायला तिकडनं माणूस लावाया लागंल."

खड्डा पुरा झाला त्या दिवशी आबांना हुक्की आली. "बघू तरी कसा झालाय," म्हणत त्यांनी दोन पोरांचे खांदे धरले आणि आत उतरले. तळाशी बसले. मग गुडघे मुडपून आडवे झाले आणि आकाशाकडं बघत म्हणाले, "झोपायला आखूड पडतोय. पाय भाईर ऱ्हात्याल माजं."

पोरं हसून लोळली. मीही हसले. सगुणा हसली नाही.

"आबा, वर या," ती म्हणाली.

"आगं, गार वाटतंय हितं."

"वर या! आत्ताच्या आत्ता!"

तिचा आवाज असा होता की पोरं गप्प झाली. आबा उठून बसले, तिच्याकडं बघितलं, आणि एकही चेष्टा न करता वर आले.

त्या संध्याकाळी खड्ड्यावर बाभळीची फांदी टाकायला मी निघाले, तर सगुणा आडवी आली. "काटी नको बाई."

"का गं?"

"नुसता उघडा ऱ्हाऊ दे."

आईचं काही ऐकायचं नाही असं तिनं ठरवलंय, असं मला वाटलं. या वयात मुलं तसं करतात. मी फांदी बाजूला टाकली.

दुसऱ्या दिवशी मी आले तेव्हा ती माझ्याआधी येऊन खड्ड्यापाशी उभी होती. मला बघताच तिनं विचारलं, "बाई, तुमच्या घरची सगळी बरी हायत ना?"

"हो. का?"

"आसंच."

मग हे रोजचंच झालं. शाळेत यायच्या आधी ती दोन्ही ओळींतल्या प्रत्येक घराच्या दारात जाऊन यायची. कुणाला काही विचारायची नाही. आत डोकावायची, माणसं दिसली की पुढं सरकायची. बायका म्हणायच्या, "काय गं, मुकादम झालीस का?" मग खड्ड्यापाशी येऊन ती स्वतःशीच म्हणायची, "सगळी हायत."

मी तिला एकदा म्हटलं, "हजेरी घ्यायची हौस आहे होय? उद्यापासून वर्गाची घेत जा."

"वर्गाची नको," ती म्हणाली.

ऊन वाढत गेलं. सकाळच्या शाळेतसुद्धा पत्रा तापून कडकड वाजायचा. मी मुलांना खड्ड्यापाशी नेऊन भिंतीला हात लावायला लावायचे. पहिल्या दिवशी थंड होती ती माती आता चुलीजवळच्या भिंतीसारखी लागत होती. मुरमाला बारीक भेगा पडल्या होत्या. एके सकाळी सगुणाला काठावरच्या मातीत हुमणीची अळी सापडली. एरवी पांढरी, गुबगुबीत, अर्धचंद्रासारखी वळलेली असते. ही सुकून कागदासारखी झाली होती.

तिनं ती तळहातावर घेतली. "ही कशानं मेली बाई?"

"उन्हानं."

"खड्ड्यानं न्हाई?"

"खड्डा कशाला मारेल? खड्डा म्हणजे नुसती रिकामी जागा. मारतं ते ऊन."

"परत सांगा."

"काय?"

"खड्डा मारत न्हाई. परत सांगा."

मी परत सांगितलं. तिनं अळी फेकून दिली आणि हात परकराला पुसले. त्या दिवशी ती वर्गात पहिल्यांदा मोठ्यानं हसल्याचं मला आठवतं. कशावर ते आठवत नाही.

आबांची एक सवय होती. वस्तीपासून थोड्या अंतरावर डांबरी रस्ता होता आणि रस्त्याकडेला मैलाचा दगड. दुपारचं जेवण झालं की आबा तिथं जाऊन पश्चिमेकडं तोंड करून बसायचे. कुणी विचारलं की म्हणायचे, "यस्टी येती का बघतो." तिकडून येणारी एसटी त्या रस्त्यानं जातच नव्हती. हे त्यांनाही माहीत होतं.

एका दुपारी दोन गुराखी त्यांना उचलून घेऊन आले. अंग फुलासारखं हलकं आणि तव्यासारखं तापलेलं. बायकांनी ओल्या धडप्यात गुंडाळलं, कांदा फोडून नाकाशी धरला, पाणी तोंडात घातलं, ते ओघळून गेलं. बैलगाडी जुंपायच्या आधीच आबा गेले. दिवस मावळायच्या आत वस्तीनं त्यांना ओढ्याकडं नेलं. उंबरवण्याच्या माणसांनी या मातीवर रचलेली ती पहिली चिता.

दुसऱ्या दिवशी शाळा बंद ठेवली होती. तरी सकाळी मी एक चक्कर मारायला गेले. मागच्या बाजूनं खरवडल्यासारखा आवाज येत होता.

सगुणा खड्ड्याच्या काठावर गुडघ्यांवर बसली होती आणि दोन्ही हातांनी माती आत लोटत होती. वरची माती, मुरूम, जे हाताला येईल ते. निम्मा खड्डा भरला होता. नखांतून रक्त येत होतं.

"सगुणा! काय करतेस हे?"

"माणूस मागतो त्यो." ती थांबली नाही.

मी तिच्याजवळ बसले, तिचे हात धरले. ते निसटून परत मातीकडं गेले. "अगं, आबांना ऊन लागलं. म्हातारे झाले होते."

"म्हादबा म्हातारा व्हता का?"

  माती लोटतच, माझ्याकडं न बघता ती बोलू लागली.

"आमच्या अंगणात फणसाचं रोप व्हतं. आये म्हणली, हितं नेऊया. जायच्या आदल्या दिशी बानं त्ये मुळाच्या मातीसकट काढलं. खड्डा पडला. बा सामान बांधाया गेला. आये म्हणली, सगुणे, दिवं लावायच्या आत खड्डा बुजव. म्या व्हय म्हणलं. मग ट्रक आलं. आमी ट्रक कदी बघितलं नव्हतं बाई. पोरं वर चढली. म्या बी चढले."

"मग?"

"इसारले."

तिनं एक मूठ माती उचलली आणि आत टाकायच्या ऐवजी तशीच धरून ठेवली.

"रातचं म्हादबाला ताप भरला. उजाडायच्या आत गेला. बा आन् आबा त्याला कापडात घिऊन नदीकडं गेलं. आयेला नेलं न्हाई. बायका जात न्हाईत. मग ट्रकवाला हार्न वाजवाया लागला. म्या मागल्या फळीला बसले व्हते. ट्रक वळला तवा म्या बघितलं. खड्डा उघडाच व्हता. आमची सापडली न्हवती ती कोंबडी आत उतरून माती उकरत व्हती."

"हे आईला माहीत आहे?"

"आयेनं कदी इचारलंच न्हाई. एकदाबी न्हाई. सांज झाली की माती लोटती नुसती." आता तिचा आवाज फुटला. "मला वाटलं, एक खड्डा उघडा ठिवायचा. काटी न टाकता. आन् कुणीच न्हाई गेलं, तर मग म्हादबाबी खड्ड्यानं गेला नसंल..."



मी मान वर केली तेव्हा शाळेच्या भिंतीशी हौसा उभी होती. पोरीला शोधत आली असणार. केव्हापासून तिथं होती, मला कळलं नाही. चेहऱ्यावरून काही समजत नव्हतं. ती आली आणि आमच्यासमोर, खड्ड्याच्या पलीकडच्या काठावर बसली.

"कंचा खड्डा म्हणतीस?" तिनं विचारलं. "फणसाचा?"

सगुणानं मान हलवली.

"त्यो म्या बुजवला व्हता."

सगुणाच्या मुठीतली माती खाली गळली.

"तू ट्रकाकडं पळालीस तवा," हौसा म्हणाली. "म्हादबाला पाळण्यात टाकला आन् म्याच बुजवला. दिवं लावायच्या आदी. ह्या हातांनी." तिनं दोन्ही तळहात पुढं केले, जणू त्यांवर ती माती अजून असावी. "तुला सांगायचं ऱ्हायलं."

"मग म्हादबा कशानं गेला?"

"तापानं. लेकरं तापानं जात्यात. पुलावर पाणी आलं व्हतं, डागदर पल्याड. खड्ड्याचा काय संबंद?"

"आन् आबा?"

"आबाला ऊन लागलं."

 मुलांनो, उघड्या खड्ड्यात उतरलेल्या त्या कोंबडीचं मघाशी तुम्हीही ऐकलंत.

सगुणाला एकच प्रश्न विचारायचा उरला होता आणि तिनं तो विचारला. "मग आये, तू रोज खड्डं कशापायी बुजवतीस?"

  हौसाची नजर अर्ध्या भरलेल्या खड्ड्यात गेली, तिथून पोरीच्या नखांवर आली आणि तिथंच थांबली. उन्हाचा पहिला चटका पाठीला बसू लागला होता. वस्तीकडून कुणाच्या तरी रडण्याचा आवाज येत होता, आबांच्या सुनेचा असावा.

"आता न्हाई बुजवायची," हौसा म्हणाली.

एवढं म्हणून ती खाली वाकली आणि खड्ड्यातली माती ओंजळीनं बाहेर काढू लागली. निम्मी माती परत आत सांडत होती. दिवसाउजेडी, सगळ्यांना दिसेल असा, ज्याला ती जगातल्या कशाहूनही जास्त भीत होती तो उघडा खड्डा ती स्वतःच्या हातानं उघडत होती. पहिली ओंजळ तिनं डावीकडं टाकली. दुसरी कुठं टाकायची कळेना म्हणून माझ्याकडं बघितलं.

"मुरूम उजवीकडं," मी म्हटलं.

तिनं उजवीकडं टाकली.

सगुणा काही वेळ आईचे हात बघत राहिली. मग तिनं माझ्याकडं बघितलं. तेवढंच एकदा. त्या नजरेत प्रश्न नव्हता. ट्रकच्या मागच्या फळीवरून तिनं जे बघितलं होतं ते आता तिनं किंवा मी तिसऱ्या कुणालाही कधी सांगायचं नव्हतं, एवढंच त्या नजरेत होतं. मी मान हलवली.

आता सगुणानं पुढं काय केलं तेवढं सांगते आणि थांबते.

ती उठली. भिंतीला टेकवलेली पाटी घेऊन आली. खड्ड्यात उतरली, दोन्ही हातांनी माती भरून पाटी डोक्याच्या वर उचलली, म्हणाली, "धर आये," आणि आईचे हात पाटी नीट पकडेपर्यंत तशीच उभी राहिली.